मर्फी : आडनाव एक, अर्थ अनेक

आजच्या गप्पांत हप्ता, व्याज, कर्जमागणी यांतलं काही नाही. आज आम्ही एका शब्दाची गोष्ट सांगणार आहोत. शब्द आहे 'मर्फी'.

साठी ओलांडलेल्या आजींना हा शब्द लगेच ओळखीचा वाटेल. मर्फीचा रेडिओ! फळीवर क्रोशाचं कापड पांघरून ठेवलेला तो मोठा डबा आणि जाहिरातीतलं, ओठावर बोट ठेवलेलं ते गोंडस बाळ. ही कंपनी मूळची इंग्लंडची. १९२९ साली फ्रँक मर्फी नावाच्या इंजिनिअरने भागीदाराबरोबर ती काढली. पुढे आपल्याकडे ठाण्याला तिचा कारखाना होता. म्हणजे आपल्याला मर्फी माहीत झाला तो रेडिओ म्हणून. पण इंग्रजी बोलणाऱ्या देशांत या एका आडनावाचे किती अर्थ झाले ते ऐकाल, तर थक्क व्हाल.

आधी मूळ बघू. इंग्लंडच्या शेजारी समुद्रात आयर्लंड नावाचा देश आहे. तिथलं सगळ्यात जास्त आढळणारं आडनाव म्हणजे मर्फी. आपल्याकडे गावोगाव पाटील, जाधव, पवार सापडतात ना, तसं. आयरिश भाषेतल्या 'मुरखू' अशा काहीशा उच्चाराच्या जुन्या नावावरून ते आलं आणि त्याचा अर्थ 'समुद्रावरचा लढवय्या'. बाराव्या शतकात या नावाच्या घराण्यातला राजा आयर्लंडच्या एका प्रांतावर राज्य करत होता. असं हे मानाचं, राजाचं नाव. आता त्याचं पुढे काय झालं बघा.

पहिला अर्थ : बटाटा

एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला इंग्रजी बोलीत बटाट्यालाच 'मर्फी' म्हणायला लागले. "चार मर्फी उकडायला टाक," असं. आणि गंमत अशी, की उलटंही झालं. बटाट्याला बोलीत 'स्पड' असा दुसरा शब्द आहे. सैन्यात वगैरे कुणाचं आडनाव मर्फी निघालं, की त्याला टोपणनाव पडायचं 'स्पड'. म्हणजे बटाट्याचं नाव मर्फी आणि मर्फीचं नाव बटाटा.

हसू येतं खरं. पण यामागे काय होतं ते ऐका.

त्या काळी आयर्लंडची बरीचशी चांगली जमीन मोठ्या जमीनदारांच्या ताब्यात होती. गरीब कुळाच्या वाट्याला यायचा लहानसा तुकडा. तेवढ्यात ज्वारी-गव्हासारखं धान्य पेरलं तर घर भागत नाही. बटाटा मात्र थोड्या जागेत भरपूर येतो. म्हणून गरिबाच्या ताटात बटाटा आणि जमलंच तर ताक, एवढंच उरलं. कष्टाची कामं करणारा गडी दिवसाला पाच किलोंहून जास्त बटाटे खायचा, कारण दुसरं काही नव्हतंच. पिकवलेलं धान्य खंडापोटी जायचं.

मग १८४५ साली बटाट्यावर करपा आला. खेड-आंबेगावकडे, सातगाव पठारावर बटाटा लावणाऱ्या मैत्रिणींना हा रोग सांगायला नको. ढगाळ, दमट हवा पडली, की पानं काळी पडतात आणि जमिनीतला बटाटा सडून जातो. टोमॅटोवर येतो तोच हा उशिराचा करपा. तेव्हा त्यावर औषध ठाऊक नव्हतं. त्यातून बहुतेकांनी बटाट्याची एकच जात लावलेली, त्यामुळे एकाचं गेलं तसं सगळ्यांचं गेलं. पुढची काही वर्षं पीक पुन्हा पुन्हा बुडालं. सुमारे दहा लाख माणसं भुकेने आणि साथीच्या रोगांनी मेली. आणखी दहा लाखांहून जास्त देश सोडून गेली. १८४१ साली आयर्लंडची लोकसंख्या ८१ लाखांच्या वर होती, ती १८५१ साली ६५ लाखांच्या आसपास आली. आणि याच वर्षांत तिथल्या बंदरांतून धान्य, लोणी आणि जनावरं इंग्लंडला जातच होती.

आता तो शब्द पुन्हा उच्चारून बघा. बटाट्याला मर्फी म्हणणं ही नुसती गंमत राहत नाही. 'हे लोक दुसरं काय खाणार!' असा त्यात टोमणा आहे. ज्यांच्याकडे दुसरं काही उरू दिलं नाही, त्यांनाच 'तुम्ही बटाटेखाऊ' म्हणून हिणवायचं, असा हा प्रकार.

बटाटा हा आपला शब्दही असाच समुद्रावरून आला, पोर्तुगिजांबरोबर. पण आपण त्याला कुणाचं आडनाव चिकटवलं नाही, एवढं बरं केलं.

दुसरा अर्थ : भिंतीतला पलंग

अमेरिकेत 'मर्फी बेड' म्हणजे भिंतीला उभा मिटवून ठेवता येणारा पलंग. रात्री खाली ओढायचा, सकाळी पुन्हा कपाटात उभा करायचा. सॅन फ्रान्सिस्को शहरातल्या विल्यम मर्फी यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तो विकायला आणला. एका खोलीत संसार करणाऱ्यांना तो वरदानच वाटला. नाव इतकं रुळलं, की १९८९ साली तिथल्या न्यायालयाने सांगितलं, हा आता सगळ्यांचा शब्द झाला, एका कंपनीला त्यावर हक्क सांगता येणार नाही. कुठल्याही वनस्पती तुपाला आपण डालडा म्हणतो, त्यातलाच प्रकार. या अर्थात टोमणा नाही, कौतुक आहे.

तिसरा अर्थ : पाकीट बदलून फसवणं

हा अर्थ नीट ऐका, कारण नाव परकं असलं तरी डाव आपल्या रस्त्यावरचाच आहे.

अमेरिकेतल्या शहरांत ठगांच्या एका डावाला 'मर्फी गेम' म्हणतात. 'त्याला मर्फी केलं' म्हणजे त्याला या डावात लुबाडलं. ठग एखाद्या पुरुषाला गाठतो, बाईची किंवा चोरीच्या स्वस्त मालाची लालूच दाखवतो. मग काळजी केल्यासारखं म्हणतो, "आत पैसे घेऊन जाऊ नका, चोरीला जातील. या पाकिटात घाला, मी सांभाळतो." पाकीट माणसाच्या डोळ्यांसमोर बंद होतं. कधी ते त्याच्याच हातात परत दिलं जातं. पण तेवढ्यात ते बदललेलं असतं. उघडलं, की आत कागदाचे कपटे. आणि माणूस लाजेपोटी पोलिसांकडेही जात नाही.

आता आपल्याकडचं बघा. एकटी बाई रस्त्याने चाललेली असते. मोटारसायकलवरून दोघं येतात. "आम्ही पोलीस आहोत. पुढे खून झालाय, तपासणी चालू आहे. अंगावर एवढं सोनं घालून कशाला फिरता? काढा, रुमालात बांधून ठेवा." बांधायला मदतही तेच करतात. घरी येऊन रुमाल सोडला, की आत खडे. लालचीच्या जागी भीती आली, बाकी डाव तोच. आपल्या भल्याची भाषा बोलत वस्तू त्यांनी हातात घ्यायची आणि बांधलेली पुडी आपल्याला परत द्यायची.

म्हणून लक्षात ठेवा. खरा पोलीस रस्त्यात दागिने उतरवून पुडीत बांधायला सांगत नाही. कुणी सांगितलंच तर काहीही काढायचं नाही, माणसं असतील तिथे जायचं, मोठ्याने हाक मारायची आणि ११२ नंबर लावायचा. आणि कुणी फसलीच, तर तिला "तुला कळलं कसं नाही?" असं विचारू नका. ठगाला पळायला वेळ मिळतो तो आपल्या लाजेमुळेच.

चौथा अर्थ : मर्फीचा नियम

१९४९ साली अमेरिकेच्या हवाई दलाच्या कॅलिफोर्नियातल्या तळावर एक प्रयोग चालला होता. अतिवेगातून एकदम थांबलं तर माणसाचं शरीर किती धक्का सोसतं, ते बघायचं होतं. रुळावरून अग्निबाणाच्या जोराने गाडी सोडायची आणि झटक्यात थांबवायची. जॉन पॉल स्टॅप नावाचे डॉक्टर स्वतः त्या गाडीत बसायचे. धक्का मोजायची यंत्रं आणली होती एडवर्ड मर्फी या इंजिनिअर अधिकाऱ्याने. गाडी सुटली, थांबली, पण यंत्रांनी काहीच दाखवलं नाही. सगळ्यांच्या तारा उलट्या जोडल्या होत्या. त्यावर मर्फी चिडून जे बोलले त्यातून पुढे नियम तयार झाला : जे बिघडू शकतं, ते कधी ना कधी बिघडतंच.

लोक हा नियम नशिबाला दोष द्यायला वापरतात. नेमकी कापडं वाळत घातली, की पाऊस! पण त्याचा खरा उपयोग वेगळा आहे. तार दोन्ही बाजूंनी बसत असेल, तर कुणीतरी ती उलटी बसवणारच. मग माणसाला रागावून काय उपयोग? तार एकाच बाजूने बसेल अशी सोय करा.

आपल्या गटाचे नियमही हेच सांगतात. बँकेतून पैसे काढायला एकीची सही का चालत नाही? रोकड दोघींनी का मोजायची? रक्कम आकड्यात आणि अक्षरातही का लिहायची? वही बैठकीतच, सगळ्यांसमोर का भरायची? सचिवताईंवर अविश्वास आहे म्हणून नाही. चुकीला वाटच राहू नये म्हणून.

मर्फींच्या लेकीबाळी

आता एक शेवटचा शब्द. तो मर्फीवरून आलेला नाही, पण त्याच घरातला आहे. दुष्काळानंतर आयर्लंडमधून अमेरिकेला गेलेल्यांत तरुण, एकट्या मुली पुष्कळ होत्या. न्यूयॉर्क, बोस्टनसारख्या शहरांत त्या लोकांच्या घरी धुणीभांडी, स्वयंपाक करू लागल्या. ब्रिजेट हे आयरिश मुलींचं नेहमीचं नाव, त्याचं लाडाचं रूप 'बिडी'. मालकिणींनी घरकाम करणाऱ्या आयरिश बाईला सरसकट 'बिडी' म्हणायला सुरुवात केली, मग तिचं नाव मेरी असो की कॅथरिन.

आपल्याला हे नवीन आहे का? कोकणातून मुंबईला गेलेला घरगडी म्हणजे 'रामा', त्याचं नाव कुणी विचारायचं नाही. आजही मोबाइलवरच्या विनोदांत कामवाली म्हटली की 'कांताबाई'. आणि घाटावरून गोदीत, बाजारात ओझी उचलायला गेलेले आपले बाप-भाऊ मुंबईत 'घाटी' ठरले. घाट हा आपला डोंगर, त्यात शिवी कुठे आहे? पण पोटासाठी आलेल्या माणसाला चिकटवला, की त्याचीही शिवी होते. मर्फीचं झालं तेच.

पण त्या बिडी म्हणवल्या गेलेल्या मुलींनी काय केलं, ते आम्हाला फार मोलाचं वाटतं. १८५० साली न्यूयॉर्कमध्ये आयरिश लोकांच्या पुढाकाराने परदेशातून आलेल्यांसाठी बचत बँक निघाली. तिच्या खातेदारांत घरकाम करणाऱ्या मुली मोठ्या संख्येने होत्या. थोडे थोडे पैसे टाकून त्यांनी गावाकडे मदत पाठवली, भावंडांच्या बोटीचं भाडं भरलं. खातं उघडताना बँक त्यांचं गाव, आईबाप, भावंडं यांची नोंद करायची, म्हणजे दुसऱ्या कुणी त्यांच्या नावाने पैसे काढू नयेत. मालकिणीच्या घरात ती बिडी होती. बँकेच्या वहीत ती स्वतःच्या नावाची, गावाची, आईबापांची होती.

म्हणून मैत्रिणींनो, पुढच्या बैठकीत दोन गोष्टी करा. एक, हजेरी घेताना 'अमक्याची आई', 'तमक्याची सून' असं न म्हणता प्रत्येकीचं नाव पूर्ण उच्चारा. बँकेच्या पासबुकावर आणि आधारवर ते नाव सारखंच आहे ना, तेही तपासा. माहेरचं-सासरचं नाव वेगळं पडून अडलेली कामं आपण सगळ्यांनी पाहिली आहेत. दोन, आपल्या गावात ऊसतोडीला, वीटभट्टीवर बाहेरून माणसं येतात. त्यांना आपण काय म्हणतो, ते जरा आठवा. त्यांच्या जेवणावरून, बोलण्यावरून, गावावरून एखादा शब्द आपल्याही तोंडी बसला असेल, तर तो सोडा आणि त्या बाईला तिचं नाव विचारा.

चला, आजच्या गप्पा इथेच थांबवू. संध्याकाळी भाजीला बटाटा चिराल, तेव्हा मर्फीची आठवण काढा. नमस्कार!