मिलर, डिक

(२५ डिसेंबर १९२८–३० जानेवारी २०१९). अमेरिकन चित्रपट-अभिनेता. अल्पखर्ची विज्ञानकथापटांतील व भयपटांतील दुय्यम भूमिकांसाठी विशेष प्रसिद्ध. संपूर्ण नाव रिचर्ड मिलर. जन्म न्यूयॉर्क शहराच्या ब्राँक्स भागात. काही काळ त्याने अमेरिकन नौदलात नोकरी केली. पुढे लेखक होण्याच्या इच्छेने तो कॅलिफोर्नियात आला. तेथे जोनाथन हेझ या अभिनेत्यामुळे निर्माता-दिग्दर्शक रॉजर कॉर्मन याच्याशी त्याचा परिचय झाला. कॉर्मनला त्या वेळी लेखकापेक्षा नटांची निकड होती. त्यामुळे मिलर अभिनयाकडे वळला. अपाची वूमन (१९५५) या पहिल्याच चित्रपटात त्याने एक रेड इंडियन आणि एक गावकरी अशा दोन भूमिका केल्या. खर्च वाचविण्यासाठी एकाच नटाकडून अनेक कामे करून घेण्याची कॉर्मनची पद्धत त्यातून दिसून येते.

मोजके नेपथ्य, काही दिवसांत उरकलेले चित्रीकरण आणि सामान्य प्रतीची दृक्‌चमत्कृती ही या चित्रपटांची वैशिष्ट्ये होती. परग्रहावरील प्राणी व अवकाशयाने पडद्यावर पुष्कळदा कृत्रिम दिसत. अशा वेळी कथानकावर प्रेक्षकांचा विश्वास बसविण्याचे काम मुख्यतः नटांवर, विशेषतः सामान्य माणसांची कामे करणाऱ्या दुय्यम नटांवर पडे. मिलरच्या अभिनयाचे मोल या संदर्भात लक्षात येते. नॉट ऑफ धिस अर्थ (१९५७) या चित्रपटात परग्रहवासी काळ्या चष्म्याआड आपले डोळे लपवून मानवी रक्त गोळा करीत असतो. त्याच्या दारी येणारा निर्वात-झाडू यंत्राचा फिरता विक्रेता मिलरने रंगविला. या विक्रेत्याच्या नेहमीच्या सराईत बडबडीमुळेच पुढील प्रसंगाची भीषणता प्रेक्षकाला जाणवते.

रशियाने ऑक्टोबर १९५७ मध्ये स्पुटनिक उपग्रह सोडल्यानंतर कॉर्मनने वॉर ऑफ द सॅटेलाइट्स (१९५८) हा चित्रपट घाईने तयार केला. त्यात मिलर नायक असलेल्या शास्त्रज्ञाच्या भूमिकेत होता. अ बकेट ऑफ ब्लड (१९५९) हा भय व विनोद यांचे मिश्रण असलेला चित्रपट सुमारे ५०,००० डॉलर खर्चात व पाच दिवसांत चित्रित झाला. त्यातील मिलरची वॉल्टर पेस्ली ही प्रमुख भूमिका त्याची सर्वोत्तम भूमिका मानली जाते. कलावंतांच्या उपाहारगृहात उष्टी भांडी उचलणाऱ्या पेस्लीच्या हातून अपघाताने एक मांजर मरते. त्यावर माती लिंपून तो त्याचे शिल्प करतो आणि मिळालेल्या कौतुकाच्या मोहाने मनुष्यहत्येपर्यंत जातो. द लिटल शॉप ऑफ हॉरर्स (१९६०) मधील नायकाची भूमिका पेस्लीशी फार मिळतीजुळती वाटल्याने मिलरने नाकारली. ती हेझने केली. मिलरने फुलांवर मीठ टाकून ती शांतपणे खाणाऱ्या गिऱ्हाइकाची छोटी भूमिका पतकरली व ती लक्षणीय ठरविली. मात्र यानंतर नायकाच्या भूमिका त्याच्या वाट्याला क्वचितच आल्या.

कॉर्मनने १९७० मध्ये स्थापन केलेल्या न्यू वर्ल्ड पिक्चर्स या संस्थेतून नवे दिग्दर्शक पुढे आले. त्यांपैकी जो डँटे याने आपल्या बहुतेक चित्रपटांत मिलरला आवर्जून स्थान दिले. हॉलीवुड बूलेव्हार्ड (१९७६), द हाउलिंग (१९८१) इ. चित्रपटांत मिलरच्या पात्रांना वॉल्टर पेस्ली हेच नाव देण्यात आले. ग्रेम्लिन्स (१९८४) मध्ये त्याने परदेशी यंत्रांविषयी तक्रार करणारा शेजारी फटरमन रंगविला. यंत्रात शिरून बिघाड करणाऱ्या ग्रेम्लिन नामक भुतांविषयीची दुसऱ्या महायुद्धकालीन वैमानिकांतील समजूत या पात्राच्या तोंडूनच प्रेक्षकांना कळते. जेम्स कॅमेरनच्या द टर्मिनेटर (१९८४) मध्ये भविष्यकाळातून आलेल्या यंत्रमानवाला शस्त्रे दाखविणारा दुकानदार मिलरच होता. हा दुकानदार गिऱ्हाइकाच्या जाणकारीने खूश होतो. ते मनुष्य नाही, याची त्याला शंकाही येत नाही. अवघ्या एका प्रसंगाची ही भूमिका त्या चित्रपटातील अद्‌भुताला नित्याच्या व्यवहाराची जोड देते.

मिलरने दीडशेहून अधिक चित्रपटांत कामे केली. फेम या दूरचित्रवाणी-मालिकेतही त्याची भूमिका होती. टीएनटी जॅक्सन (१९७४) या चित्रपटाच्या पटकथालेखनात त्याचा सहभाग होता. तथापि लेखक म्हणून त्याला फारसा वाव मिळाला नाही. प्रेक्षक त्याचा चेहरा ओळखत, पण नाव अनेकांना ठाऊक नसे. त्याच्यावरील दॅट गाय डिक मिलर (२०१४) या अनुबोधपटाच्या शीर्षकातही ‘तो माणूस’ अशा शब्दांत हीच ओळख नोंदविलेली आहे. बहुतांशी नायकपदाविना साठ वर्षे टिकलेली त्याची कारकीर्द चित्रपटकलेतील दुय्यम नटाचे महत्त्व आणि त्याच्या वाट्याला येणारी उपेक्षा या दोहोंची द्योतक आहे.

लॉस अँजेल्स येथे त्याचे निधन झाले.