पूल बांधायचा, पण चिकट गोळ्यांचा! 'वर्ल्ड ऑफ गू'ची अवघड लेव्हल सोडवायची असेल तर हे साधं विज्ञान समजून घ्या

नाव वाचूनच हसू आलं ना?

साहजिक आहे. मराठी घरात या गेमचं नाव मोठ्याने घेतलं, तर आजी स्वयंपाकघरातून डोकावून "काय म्हणालास?" असं विचारणारच. पण इंग्रजीत 'गू' म्हणजे कुठलाही चिकट, लिबलिबीत पदार्थ. या गेममध्ये असे शेकडो चिकट गोळे आहेत. त्यांना डोळे आहेत, ते किलबिलाट करतात, इकडेतिकडे धावतात आणि तुम्ही उचललं की चक्क घाबरून बघतात!

काम एकच. या गोळ्यांना एकमेकांना चिकटवून पूल किंवा मनोरा बांधायचा आणि उरलेल्या गोळ्यांना पाइपपर्यंत पोहोचवायचं.

ऐकायला सोपं वाटतं. पण पाचव्या-सहाव्या लेव्हलला पोहोचलेल्या प्रत्येकाने हा अनुभव घेतलेला असतो: पूल पाइपपासून बोटभर अंतरावर येतो, हळूच मान टाकतो आणि सगळा पसारा दरीत!

मग माणूस यूट्यूबवर उत्तर शोधतो. व्हिडिओ बघून अगदी तसाच पूल बांधतो. आणि तोही पडतो!

असं का होतं? आणि न पडणारा पूल बांधायचा तरी कसा? चला, समजून घेऊया.

दोन मित्र, एक कॉफी शॉप आणि खिशातले पैसे

या गेमची सुरुवात २००५ मध्ये झाली. अमेरिकेच्या कार्नेगी मेलन विद्यापीठात काही विद्यार्थ्यांनी एक प्रयोग सुरू केला होता. नियम असा की प्रत्येक गेम एकाच माणसाने आणि सात दिवसांच्या आत बनवायचा. त्यात काइल गॅब्लर या विद्यार्थ्याने 'टॉवर ऑफ गू' नावाचा छोटासा गेम केला. चिकट गोळ्यांचा उंच मनोरा बांधायचा, बस!

पुढे गॅब्लर आणि रॉन कार्मेल या दोघांनी 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स' या बड्या कंपनीतली नोकरी सोडली आणि 'टूडी बॉय' नावाची आपली छोटी कंपनी काढली. ऑफिस नव्हतं. सॅन फ्रान्सिस्कोतल्या फुकट वायफाय असलेल्या कॉफी शॉपमध्ये बसून काम चालायचं. भांडवल म्हणजे स्वतःच्या बचतीतले सुमारे १० हजार डॉलर.

गेमची रचना, चित्रं आणि संगीत गॅब्लरने केलं, तर प्रोग्रामिंगची मुख्य जबाबदारी कार्मेलने घेतली. ऑक्टोबर २००८ मध्ये 'वर्ल्ड ऑफ गू' बाजारात आला. त्याआधीच, त्याच वर्षीच्या स्वतंत्र गेम्सच्या महोत्सवात त्याला रचनेतलं नावीन्य आणि तांत्रिक गुणवत्ता असे दोन पुरस्कार मिळाले होते.

या गेममध्ये 'बरोबर उत्तर' का नसतं?

सुडोकूचं उत्तर ठरलेलं असतं. इथे तसं नाही.

इथे प्रत्येक गोळ्याला वजन आहे. दोन गोळ्यांना जोडणारा धागा लोखंडी कांबीसारखा ताठ नाही, तो स्प्रिंगसारखा ताणला आणि दाबला जातो. कॉम्प्युटर क्षणाक्षणाला या सगळ्या वजनांचा आणि ताणांचा हिशोब करत असतो. गोळा दोन मिलीमीटर डावीकडे लावला, तरी पूल वेगळ्या पद्धतीने डुलतो.

म्हणूनच दुसऱ्याच्या व्हिडिओची हुबेहूब नक्कल इथे चालत नाही. नक्कल करायची तर त्यामागच्या कारणाची करावी लागते. आणि ती कारणं मोजकीच आहेत.

पहिलं कारण: चौकोन दगा देतो, त्रिकोण नाही

आइसक्रीमच्या चार काड्या घ्या आणि टोकांना टाचण्या लावून चौकोन करा. एका कोपऱ्यावर बोटाने दाबा. चौकोन लगेच तिरका होईल. आता तीन काड्यांचा त्रिकोण करा आणि दाबून बघा. काडी मोडल्याशिवाय त्याचा आकार बदलणारच नाही!

पत्र्याच्या शेडचं छप्पर ज्या लोखंडी कैचीवर उभं असतं, तिच्यात त्रिकोणच त्रिकोण दिसतात, ते याचसाठी. रेल्वेच्या लोखंडी पुलांवरही हेच दिसतं.

गेममधला साधा काळा गोळा आधीच्या दोन गोळ्यांना दोन धाग्यांनी जोडला जातो. म्हणजे प्रत्येक नवा गोळा एक नवा त्रिकोण तयार करतो. पण घाईत गोळे लावत गेलं की मध्ये मोठाले चौकोन राहून जातात आणि बांधकाम तिथूनच वाकायला लागतं.

यावर उपाय गेममध्येच आहे. दोन जोडलेल्या गोळ्यांच्या मधोमध नवा गोळा सोडला, तर तो गोळा न राहता त्या दोघांमधला धागा बनतो. चौकोन दिसला की असा तिरपा धागा टाका. एक गोळा खर्च होईल, पण पूल वाचेल.

दुसरं कारण: पूल पडतो तो टोकाला नाही, बुडाशी

'स्मॉल डिव्हाइड' ही सुरुवातीचीच लेव्हल. मध्ये दरी, पलीकडे पाइप. नवखा खेळाडू सरळ पुढे पुढे गोळे लावत सुटतो. पुलाचं टोक खाली झुकलं की तो टोकाकडेच दुरुस्ती करत बसतो.

खरी चूक मात्र मागे, कड्याच्या काठाशी असते.

एका बाजूने हवेत निघालेल्या पुलाला इंजिनिअर 'कॅन्टिलिव्हर' म्हणतात. सोपं उदाहरण म्हणजे घराची बाल्कनी. अशा पुलाची लांबी दुप्पट केली, तर बुडाशी येणारा वाकवणारा जोर दुप्पट नाही, तर चौपट होतो! कारण वजनही दुप्पट होतं आणि ते वजन दुप्पट लांबही जातं.

मग करायचं काय?

एक, बुडाशी पूल जाड करा. काठाजवळ त्रिकोणांचे दोन थर आणि टोकाकडे एकच थर. बुडाशी जाडी दुप्पट झाली की तिथल्या वरच्या-खालच्या धाग्यांवरचा ताण साधारण निम्मा होतो.

दोन, मागे वजन ठेवा. लहानपणी बागेतला सी-सॉ खेळलाच असाल. पुढे जेवढं बांधता, त्याला तोलायला कड्यावर मागच्या बाजूलाही थोडं बांधा. आधी मागे, मग पुढे. हा क्रम उलटा झाला की सगळं बांधकामच दरीत कलंडतं.

१९४३ मध्ये खुला झालेला कोलकात्याचा हावडा पूल याच तत्त्वावर उभा आहे. दोन्ही काठांवरून नदीवर झेपावणारे लोखंडी हात आणि त्यांना तोलून धरणारे, मागे जखडलेले दुसरे हात. नदीच्या पात्रात एकही खांब नाही!

तिसरं कारण: मनोऱ्याचा दहीहंडीचा नियम

काही लेव्हलमध्ये आडवं नाही, तर उभं बांधायचं असतं. 'टॉवर ऑफ गू' ही त्यातलीच एक, त्या मूळ छोट्या गेमच्या नावाची.

इथला नियम गोविंदा पथकांना कुणी शिकवावा लागत नाही. खालच्या थराला सगळ्यात जास्त माणसं, वर जावं तशी कमी. वरचा गोविंदा एका बाजूला झुकला की खालच्यांना दुसऱ्या बाजूला जोर लावावा लागतो.

यामागचं विज्ञान असं. मनोऱ्याचा गुरुत्वमध्य, म्हणजे सगळं वजन जिथे एकवटलंय असं मानता येतं तो बिंदू, पायाच्या रुंदीच्या आत असेल तोवर मनोरा उभा राहतो. तो पायाच्या बाहेर गेला की खेळ संपला. पाया रुंद असेल, तर थोडं डुललं तरी चालतं.

मनोरा डावीकडे झुकतोय असं दिसलं, तर पुढचा गोळा उजवीकडे लावा. झुकलेल्या बाजूलाच 'आधार' म्हणून गोळे लावणं ही सगळ्यात कॉमन चूक. तो आधार जमिनीला टेकत नसेल, तर तो आधार नाही, वाढीव ओझं आहे.

चौथं कारण: घाई

धागे स्प्रिंगसारखे असल्यामुळे नवा गोळा लावला की सगळं बांधकाम थरथरतं. त्या थरथरीतच दुसरा गोळा लावला, तर डुलणं वाढत जातं. झोपाळ्याला योग्य वेळी हलका धक्का दिला की तो उंच जातो, तसंच.

त्यात मोकळे गोळे बांधकामावर सतत चढउतार करत असतात. सगळे एकदम टोकाशी गोळा झाले की पूल झुकतो.

म्हणून गोळा लावा, हात काढा, दोन सेकंद थांबा. डुलणं शांत झालं की पुढचा लावा. अनेक अडलेल्या लेव्हल केवळ या एका सवयीने सुटतात.

तरीही चूक झालीच, तर स्क्रीनवर उडणाऱ्या छोट्या पांढऱ्या किड्यांवर क्लिक करा. ते वेळ एक चाल मागे नेतात. पण ते मोजकेच असतात, त्यामुळे जपून वापरा.

रंग ओळखा, काम सोपं होईल

गेम हळूहळू नव्या जातीचे गोळे देतो. प्रत्येकाचा स्वभाव वेगळा.

काळा गोळा एकदा चिकटला की कायमचा. तो परत काढता येत नाही.

हिरवा गोळा तीन धाग्यांनी जोडला जातो आणि काढून पुन्हा वापरता येतो. त्यामुळे मागचा भाग सोडवून पुढे लावत पूल 'चालवता' येतो. फक्त कुठला गोळा भार पेलतोय ते बघून काढा, नाहीतर बसलेल्या फांदीवरच कुऱ्हाड!

फुगा पुलाला वर खेचतो. तो बुडाशी लावला तर फार उपयोग नाही. टोकाजवळ लावला, तर तेवढाच फुगा कितीतरी जास्त काम करतो. लांब दांड्याच्या पान्याने नट सहज फिरतो, त्यामागेही हेच कारण आहे.

पाण्याच्या थेंबासारखा गोळा एकाच धाग्याने लोंबतो. त्याचा वर मनोरा होत नाही, पण खाली लांब माळ होते. दोरी ढकलली तर वाकते, ओढली तर सरळ राहते, तसंच हे. खाली उतरायचं असेल, तर त्रिकोणांची उधळपट्टी करायचं कारण नाही.

खरी मेख: काटकसर

प्रत्येक लेव्हलमध्ये ठराविक संख्येने गोळे पाइपमध्ये पोहोचवावे लागतात. पुलात अडकलेला गोळा वाचलेल्यांमध्ये धरला जात नाही.

म्हणजे कमी गोळे वापरले तर पूल पडतो आणि जास्त वापरले तर पोहोचवायला कुणी उरत नाही!

म्हणून आधी मोजा. त्रिकोणांची एक पट्टी बांधत गेलं, तर प्रत्येक गोळा साधारण अर्ध्या धाग्याएवढं अंतर पुढे नेतो. दरी पाच धाग्यांएवढी रुंद असेल, तर एका थराच्या पट्टीला दहाएक गोळे लागतील. बुडाशी जाडी आणि मागच्या वजनासाठी आणखी काही धरा. हा आकडा एकूण गोळ्यांतून वजा करा. उरलेले पुरतात का? नसतील, तर पहिला गोळा लावण्याआधीच बेत बदला.

खऱ्या पुलाचा इंजिनिअरही हेच करतो. भरपूर लोखंड ओतून पूल कुणीही उभा करेल. गरजेपुरत्या लोखंडात तो सुरक्षित उभा करणं, हे कौशल्य!

गंमतीमागचा चिमटा

पाइपमध्ये जाणारे गोळे आनंदाने ओरडत जातात. पलीकडे एक मोठी कंपनी त्यांच्यापासून वस्तू बनवून विकते, याची त्यांना कल्पनाही नसते. वाटेतल्या पाट्यांवर कुणी एक अज्ञात 'साइन पेंटर' टोमणे मारत असतो. हसता हसता हा गेम बाजारालाच चिमटा काढतो.

आणि त्या बाजाराने या दोघा मित्रांनाही धडा दिला. त्यांनी गेमला कॉपी रोखणारं कुलूप लावलं नव्हतं. काही आठवड्यांतच त्यांनी अंदाज जाहीर केला की खेळल्या जाणाऱ्या प्रतींपैकी ८० ते ९० टक्के फुकट मिळवलेल्या आहेत!

तरीही त्यांनी कुलूप लावलं नाही. उलट ऑक्टोबर २००९ मध्ये, गेमच्या पहिल्या वाढदिवशी, २० डॉलरचा गेम 'हवे तेवढे पैसे द्या' म्हणून खुला केला. आठवड्याभरात सुमारे ५७ हजार लोकांनी तो घेतला आणि सरासरी दोन डॉलरच्या आसपास दिले. मे २०१० मधल्या पहिल्या 'हंबल इंडी बंडल'मध्येही हा गेम होता. ऑगस्ट २०२४ मध्ये त्याचा दुसरा भागही आला.

शेवटी काय, तर…

पुढच्या वेळी पूल कोसळला, की लगेच 'रीट्राय' दाबू नका. कोसळताना नीट बघा. आधी काय वाकलं? चौकोन, बूड की टोक? की आपणच घाई केली?

पडणारा पूल तुम्हाला उत्तरच सांगत असतो. फक्त ते सांगताना तो किंचाळणाऱ्या गोळ्यांसकट दरीत जातो, म्हणून आपण हसतो आणि पुन्हा बांधायला घेतो!

तुमची कुठली लेव्हल अडली आहे? कमेंटमध्ये नक्की सांगा. आणि हो, गेमचं नाव आजीसमोर जरा हळूच घ्या!