घट्ट म्हणजे नक्की किती घट्ट?

मित्रहो, वर्कशॉपच्या पहिल्या प्रॅक्टिकलपासून एक वाक्य आपल्या कानावर पडतं : "जरा जोर लाव, घट्ट बसू दे!" आता हा 'जरा' म्हणजे किती? तालमीत जाणाऱ्याचा 'जरा' वेगळा आणि महिनाभर मेसचं जेवलेल्याचा वेगळा! यंत्राला मात्र आकडा लागतो. तो आकडा म्हणजे टॉर्क.

२५ सेंटिमीटर लांब पान्याच्या टोकाला २०० न्यूटन, म्हणजे साधारण २० किलोचा जोर लावला की ५० न्यूटन-मीटर टॉर्क झाला. इथपर्यंत सगळ्यांना पाठ आहे. पण गंमत पुढेच आहे. आपल्याला खरं तर टॉर्क नकोच असतो! आपल्याला हवा असतो बोल्टमधला ताण. घट्ट केलेला बोल्ट स्प्रिंगसारखा किंचित लांबतो आणि परत आखडायला बघतो. त्या ओढीमुळे दोन भाग एकमेकांना दाबून धरतात. टॉर्क हा तो ताण आणण्याचा आडवळणाचा मार्ग आहे.

आणि वाटेत घर्षण नावाचा जकातनाका बसलेला! लावलेल्या टॉर्कपैकी जवळजवळ निम्मा बोल्टच्या डोक्याखाली खर्च होतो, सुमारे ४० टक्के आट्यांमध्ये जातो. ताणाच्या वाट्याला येतात जेमतेम १० टक्के.

हिशोब करून बघू. ताण = टॉर्क ÷ (के × व्यास). 'के' हा घर्षणावर ठरणारा गुणांक. कोरड्या बोल्टला साधारण ०.२ धरतात. १० मिलिमीटरच्या बोल्टला ५० न्यूटन-मीटर टॉर्क दिला की ताण येतो २५ किलोन्यूटन, म्हणजे अडीच टन. आता त्याच बोल्टला ऑइल लावा. 'के' ०.१५ वर येतो आणि त्याच टॉर्कला ताण होतो ३३ किलोन्यूटन. ८.८ ग्रेडच्या या बोल्टचं प्रूफ लोडही जवळपास तेवढंच! पाना तोच, आकडा तोच, पण ऑइलच्या दोन थेंबांनी बोल्ट कडेलोटाला नेला.

मग कमी घट्ट केलेलं बरं का? मुळीच नाही. ताण पुरेसा असेल तर बाहेरच्या बदलत्या लोडचा थोडाच हिस्सा बोल्टवर येतो. ताण कमी पडला की सांधा उघडतो, प्रत्येक हिसका बोल्टला सोसावा लागतो आणि एक दिवस तो फटीगने तुटतो.

जिथे पुन्हा पाना लावायची सोय नसते, तिथे तर हे फारच महत्त्वाचं. १४ मे २००९ रोजी अंतराळवीर जॉन ग्रन्सफेल्ड आणि अँड्र्यू फ्यूस्टेल हबल दुर्बिणीतला १९९३ साली बसवलेला कॅमेरा बदलायला गेले, तर त्याचा बोल्ट हलेना! आधी टॉर्कवर मर्यादा घालणारं साधन लावून पाहिलं. शेवटी ते काढून फ्यूस्टेल यांनी जपून जोर वाढवला आणि बोल्ट सुटला. तुटला असता तर जुना कॅमेरा आतच अडकला असता आणि नव्याला जागाच मिळाली नसती.

उद्याच्या रोबोंना टॉर्क नुसता लावून भागत नाही, तो जाणवावाही लागतो. मोटरच्या करंटवरून अंदाज येतो, पण गिअरमधलं घर्षण तो बिघडवतं. म्हणून कुका कंपनीच्या २०१३ साली आलेल्या एलबीआर आयवा या रोबोच्या सातही सांध्यांत टॉर्क सेन्सर आहेत. माणसाचा धक्का लागला की हात थांबू शकतो. म्हणजे इथे अचूक टॉर्कवर शेजारी उभ्या असलेल्या कामगाराची बरगडी अवलंबून आहे!

तेव्हा दोस्तांनो, पुढच्या वेळी प्रोजेक्टचा बोल्ट आवळताना आकडा बघा आणि आटे कोरडे की ऑइल लावलेले तेही बघा. टॉर्क रेंचने गंजलेले नट सोडवू नका. क्लिकवाला असेल तर काम झाल्यावर सर्वांत कमी आकड्यावर आणून ठेवा. त्याच्याही आत स्प्रिंगच आहे. मनगटाचा अंदाज कॅरमसाठी राखून ठेवा!