दार एकाच बाजूनं उघडायचं: जोनाथन डेव्हिस आणि दोन रग्बी

मंडळी, आज आपण एका खेळाडूची कारकीर्द बघणार आहोत. पण त्याआधी एक घोळ निस्तरायला हवा. आपण ‘रग्बी’ म्हणतो तेव्हा तो एकच खेळ आहे असं धरून चालतो. प्रत्यक्षात खेळ दोन आहेत: रग्बी युनियन आणि रग्बी लीग. चेंडू दोन्हीकडे लांबुळका, हातानं पास द्यायचा तो मागेच, आणि रेषेपलीकडे जाऊन चेंडू जमिनीला टेकवला की ‘ट्राय’. बाहेरून बघणाऱ्याला फरक चटकन कळतही नाही. तरीही जवळजवळ शंभर वर्षं, युनियन सोडून लीगमध्ये गेलेल्या माणसाला घरी परत येता येत नव्हतं. असं का, हे समजलं की डेव्हिसची कारकीर्द समजते.

सुरुवात होते २९ ऑगस्ट १८९५ला, इंग्लंडमधल्या हडर्सफील्ड गावच्या जॉर्ज हॉटेलमध्ये. उत्तर इंग्लंडमधले वीसेक क्लब तिथे जमले आणि मूळ रग्बी संघटनेतून बाहेर पडले. भांडण होतं बुडालेल्या मजुरीचं. उत्तरेतले खेळाडू खाणीत, गिरणीत काम करणारे. शनिवारी अर्धा दिवस काम असायचं. परगावी सामना असला की तेवढी मजुरी जायची. क्लबांचं म्हणणं साधं होतं: बुडालेले पैसे तरी भरून द्या. दिवसाला सहा शिलिंग, एवढीच बाब. दक्षिणेतल्या पुढाऱ्यांनी ठाम नकार दिला. खेळ हा हौसेनंच खेळायचा, पैसे घेतले की तो बाटला, असं त्यांचं मत.

‘हौशी’ हा शब्द आपल्याला नाटकामुळे ओळखीचा आहे. हौशी रंगभूमी म्हटलं की आपल्याला दिवसभर नोकरी करून संध्याकाळी तालमीला येणारी माणसं आठवतात. त्या शब्दाला आपल्याकडे एक माया आहे. पण हौस कोणाला परवडते, हा प्रश्न त्यात झाकला जातो. वकिलाचा किंवा डॉक्टरचा शनिवार गेला तर त्याच्या घरची चूल थांबत नाही. खाणकामगाराची थांबते. म्हणजे नियम सगळ्यांना एकच, पण त्याची किंमत मोजणारे वेगळे.

फुटून निघालेल्या मंडळींनी पुढे खेळच बदलला. प्रेक्षक तिकीट काढून येणार, तर खेळ वाहता हवा. म्हणून पंधराचे तेरा खेळाडू केले. बाहेर गेलेला चेंडू रांगा करून झेलायची पद्धत काढून टाकली. युनियनमध्ये खेळाडू खाली पडला की चेंडूसाठी दोन्ही बाजूंची झुंबड उडते. लीगमध्ये पकडलेला खेळाडू उठतो, पायानं चेंडू मागे देतो आणि खेळ पुढे सरकतो. आता तर सहा वेळा पकडलं गेल्यावर चेंडू समोरच्यांना द्यावा लागतो. यामुळे लीगमध्ये कोणालाच लपायला जागा नाही. प्रत्येकानं धावायचं आणि प्रत्येकानं समोरच्याला आडवं करायचं.

आता वेल्सकडे येऊ. वेल्सची परिस्थिती चमत्कारिक होती. खेळणारे खाणकामगार आणि पोलाद कारखान्यातले कामगार, पण संघटना युनियनची, म्हणजे पैसे निषिद्ध. मग मधला मार्ग निघायचा. १८९७मध्ये आर्थर गूल्ड या लाडक्या कर्णधाराला लोकवर्गणीतून चक्क घर भेट दिलं गेलं आणि त्यावरून मोठं वादळ उठलं. उलट ज्याला उघडपणे पैसे हवे असत त्याला ‘उत्तरेकडे’ जावं लागे. लीगचे हेर वेल्सच्या खोऱ्यांत गुपचूप येत. करारावर सही केली की युनियनमध्ये खेळणं बंद, शिकवणं बंद, पदही बंद. फार कशाला, गॅरेथ एडवर्ड्ससारख्या थोर खेळाडूनं निवृत्तीनंतर आत्मचरित्राचे पैसे घेतले, तर तोही ‘व्यावसायिक’ ठरला!

जोनाथन डेव्हिस अशा मुलुखातला. जन्म १९६२चा, गाव ट्रिमसरन, आसपास कोळसा. शरीरानं लहानखुरा, पण वेगवान आणि डोक्यानं तल्लख. १९८५मध्ये इंग्लंडविरुद्ध कार्डिफला पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळला आणि त्यातच ट्राय केला. १९८८मध्ये वेल्सनं इंग्लंड, स्कॉटलंड, आयर्लंड तिघांनाही हरवलं. त्या संघाचा सूत्रधार तोच. पण त्याच उन्हाळ्यात न्यूझीलंडमध्ये दोन्ही कसोटींत वेल्सवर पन्नासहून अधिक गुण चढले आणि धुव्वा उडाला. परतल्यावर डेव्हिसनं संघटनेच्या वार्षिक सभेत बोलू द्या असं सांगितलं. काय चुकतंय ते खेळाडूंच्या बाजूनं मांडायचं होतं. त्याला बोलू दिलं नाही. डिसेंबरमध्ये, तो कर्णधार असताना, वेल्स घरच्या मैदानावर रुमानियाकडून हरलं. जानेवारी १९८९मध्ये त्यानं विडनेस या लीग क्लबाशी करार केला. रक्कम दोन लाख पौंडांच्या वर.

इथे आपण जरा थांबू. ‘पैशासाठी गेला’ असं म्हणणं सोपं आहे. पण तो जाताना काय सोडून गेला तेही बघा: देशाची जर्सी, कर्णधारपद आणि परतीची वाट. बोलायला व्यासपीठ नाही, श्रमाला मोबदला नाही, वर हरलं की दोष मात्र आपला. अशा ठिकाणी किती दिवस राहायचं?

विडनेसमध्ये त्याला शून्यापासून शिकावं लागलं. सुरुवात बदली खेळाडू म्हणून. युनियनमध्ये त्याच्या जागेवरचा खेळाडू पुष्कळदा चेंडू लांब मारून डाव चालवतो. लीगमध्ये मात्र भलेथोरले गडी सामनाभर अंगावर येत राहतात. त्यानं वजन वाढवलं, जागा बदलल्या, मार खाल्ला. ऑक्टोबर १९८९मध्ये विडनेसनं ऑस्ट्रेलियाच्या कॅनबेरा क्लबला ३०-१८ असं हरवून जागतिक क्लब किताब घेतला, तेव्हा तो संघात होता. पुढे वॉरिंग्टनकडून खेळताना १९९४मध्ये ‘मॅन ऑफ स्टील’ हा लीगचा मानाचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी वेम्बलीवर ब्रिटनचा एक खेळाडू बाहेर काढला गेला होता, बाराच जण उरले होते. तेव्हा डेव्हिसनं ऑस्ट्रेलियाविरुद्ध कोपऱ्यात धावत जाऊन जो ट्राय केला, तो लोक अजून आठवतात. सामना ८-४ असा जिंकला.

आणि मग ऑगस्ट १९९५. पॅरिसमध्ये आंतरराष्ट्रीय युनियन मंडळानं जाहीर केलं की खेळाडूंना पैसे द्यायला हरकत नाही. हडर्सफील्डच्या बैठकीला शंभर वर्षं पुरी व्हायला दोन-तीनच दिवस उरले होते. काही महिन्यांत डेव्हिस कार्डिफ क्लबाकडे परतला. मार्च १९९७मध्ये वेल्सकडून शेवटचा सामना खेळला, तोही कार्डिफलाच आणि इंग्लंडविरुद्धच. सामना हरला. वय चौतीस झालं होतं. उमेदीची वर्षं दुसऱ्या खेळाला देऊन झाली होती.

त्यानंतरची पिढी ये-जा करू लागली. जेसन रॉबिन्सन लीगमधून युनियनमध्ये आला आणि २००३च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात त्यानं इंग्लंडसाठी ट्राय केला. कोणी त्याला बाटगा म्हटलं नाही.

मग आपण यातून काय घ्यायचं? दोन खेळांच्या नियमांतला फरक डेव्हिसनं काही महिन्यांत पचवला. जो फरक त्याला ओलांडता आला नाही तो मैदानाबाहेरचा होता. तो खेळाडूच्या गुणांनी मिटला नाही, ठराव झाला तेव्हा मिटला. म्हणून एखादा खेळ ‘शुद्ध’ राखायची भाषा कानावर आली की आपण एवढंच विचारावं: या शुद्धतेचे पैसे कोण भरतंय?