पुनर्मूल्यांकनास विलंब : विद्यार्थ्यांसाठी कायदेशीर मार्ग

विद्यापीठ परीक्षेच्या पुनर्मूल्यांकनाचा निकाल रखडल्यास विद्यार्थ्याची पुढील प्रवेशाची अथवा नोकरीची संधी हुकू शकते. प्रवेशाची मुदत उलटल्यानंतर गुण वाढले, तरी त्यांचा फारसा उपयोग उरत नाही. अशा वेळी दाद मागण्याचे काही मार्ग कायद्याने उपलब्ध आहेत.

पुनर्मूल्यांकन हा विद्यार्थ्याचा उपजत हक्क नाही. नियमांत तरतूद नसल्यास त्याची हक्क म्हणून मागणी करता येत नाही, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने १९८४ पासून घेतली असून २०१७ मध्ये ती पुन्हा स्पष्ट केली. मात्र, विद्यापीठाच्या नियमांतच ही सोय असेल, तर ते नियम पाळणे विद्यापीठाचे कर्तव्य ठरते. त्यामुळे नियमांत किंवा परिपत्रकात दिलेली मुदत प्रथम तपासावी.

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ नुसार मूळ निकाल ३० दिवसांत आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत जाहीर करणे अपेक्षित आहे. मुंबई विद्यापीठाचे निकाल २०१७ मध्ये मोठ्या प्रमाणावर रखडले. त्यानंतर ऑक्टोबर २०१७ मध्ये कुलपतींनी कुलगुरूंना पदावरून दूर केले होते.

विलंब झाल्यास परीक्षा विभागाकडे लेखी अर्ज करून त्याची पोच घ्यावी. त्यानंतर विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विनियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे जाता येते. समितीने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल देणे अपेक्षित असते. तिचा निर्णय मान्य नसल्यास १५ दिवसांत लोकपालांकडे अपील करता येते. लोकपालांनी ते ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावयाचा असतो. मात्र, केवळ गुणवाढीची मागणी करणारे अर्ज लोकपाल सर्वसाधारणपणे विचारात घेत नाहीत.

माहितीच्या अधिकाराचा वापरही उपयुक्त ठरतो. स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा विद्यार्थ्याचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०११ मध्ये मान्य केला. या कायद्यान्वये ३० दिवसांत उत्तर मिळावयास हवे. पुनर्मूल्यांकनाचा अर्ज सध्या कोणत्या टप्प्यावर आहे, हेही विचारता येते.

ग्राहक मंचाचा मार्ग मात्र येथे उपयोगी पडत नाही. परीक्षा घेणारी संस्था ‘सेवा’ पुरवत नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये दिला आहे.

अखेरचा मार्ग उच्च न्यायालयाचा. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ अन्वये रिट याचिका दाखल करून ठरावीक मुदतीत निकाल देण्याचा आदेश मागता येतो. प्रवेशाची मुदत जवळ आली असल्यास अंतरिम दिलाशाचीही विनंती करता येते. तो देणे न्यायालयाच्या विवेकाधीन असते. न्यायालय स्वतः उत्तरपत्रिका तपासत नाही. याचिकेपूर्वी विद्यापीठाकडे लेखी मागणी केल्याचा पुरावा महत्त्वाचा ठरतो.

महिला, अनुसूचित जाती-जमातींतील तसेच विहित उत्पन्नमर्यादेतील विद्यार्थ्यांना विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ अन्वये मोफत विधी साहाय्य मिळू शकते. शुल्काची पावती, अर्जाची प्रत, पत्रव्यवहार आणि प्रवेशाच्या अंतिम तारखेची सूचना ही कागदपत्रे पहिल्या दिवसापासून जपून ठेवणे हितावह आहे.