परफेक्ट स्ट्रेंजर्स : डीप पर्पलचे पुनरागमन

'परफेक्ट स्ट्रेंजर्स' हा डीप पर्पल या इंग्रज रॉक बँडचा १९८४ साली आलेला अल्बम. तोवर बँड मोडून आठ वर्षे लोटली होती आणि ज्या पाच जणांनी त्याला नाव मिळवून दिले, त्यांनी शेवटचे एकत्र वाजवले त्याला अकरा. फुटलेले बँड पुन्हा जमतात तेव्हा बहुधा जुन्या गाण्यांचे दौरे होतात आणि सोबतची नवी गाणी श्रोते जुन्यांची वाट पाहत ऐकून घेतात. या अल्बमचे तसे झाले नाही. त्यातले शीर्षकगीत बँडच्या जुन्या, गाजलेल्या 'स्मोक ऑन द वॉटर'च्या शेजारी मानाने जाऊन बसले.

डीप पर्पलची स्थापना १९६८ची. पहिल्या दीड वर्षातच गायक आणि बेसवादक बदलले आणि १९६९मध्ये रिची ब्लॅकमोर (गिटार), जॉन लॉर्ड (ऑर्गन), इयन पेस (ड्रम), इयन गिलन (गायन) व रॉजर ग्लोव्हर (बेस) हा संच जमला. चाहत्यांच्या बोलीत हा 'मार्क टू', म्हणजे दुसरा संच. १९७०च्या 'डीप पर्पल इन रॉक'ने त्यांची वाट ठरवली. याच अल्बममधल्या 'चाइल्ड इन टाइम'ची ऑर्गनवरची सुरावट सॅन फ्रान्सिस्कोच्या 'इट्स अ ब्यूटिफुल डे' या बँडच्या एका वाद्यरचनेवरून घेतलेली आहे. त्या रचनेचे नाव 'बॉम्बे कॉलिंग'.

या संचाची काम करण्याची रीत पुढे महत्त्वाची ठरली. डिसेंबर १९७१मध्ये ते 'मशीन हेड' या अल्बमच्या ध्वनिमुद्रणासाठी स्वित्झर्लंडमधल्या माँत्रो गावी गेले. ज्या कॅसिनोत मुद्रण करायचे, तो रॉक संगीतकार फ्रँक झॅपाच्या कार्यक्रमाच्या वेळी लागलेल्या आगीत जळाला. मग हिवाळ्यासाठी बंद असलेल्या ग्रँड हॉटेलात वाद्ये मांडली गेली, आवाज दाबायला गाद्या लावल्या आणि बाहेर उभ्या असलेल्या रोलिंग स्टोन्स या बँडच्या फिरत्या स्टुडिओत, म्हणजे यंत्रसामग्रीने भरलेल्या ट्रकमध्ये, मुद्रण झाले. पाचही जण एका जागी, एकमेकांचे ऐकत वाजवत होते. त्या तबकडीतला जिवंतपणा या अडचणीतून आलेला आहे.

पण यशाबरोबर दौरे वाढले, विश्रांती संपली, आणि ब्लॅकमोर व गिलन यांचे पटेनासे झाले. २९ जून १९७३ला ओसाकाचा कार्यक्रम उरकून गिलन व ग्लोव्हर बाहेर पडले. १९७५मध्ये ब्लॅकमोरही गेला, आणि मार्च १९७६मध्ये लिव्हरपूलच्या कार्यक्रमानंतर बँड संपला. पुढे प्रत्येकाने आपापली चूल मांडली. ब्लॅकमोरने रेनबो हा बँड काढला, त्यात ग्लोव्हर बेसवादक व निर्माता म्हणून आला. लॉर्ड व्हाइटस्नेक या बँडमध्ये गेला. पेसने तिथे आणि नंतर गिटारवादक गॅरी मूरबरोबर ड्रम वाजवले. गिलनने स्वतःचा बँड चालवला आणि १९८३मध्ये ब्लॅक सॅबथ या बँडचा एक अल्बम गायला.

मधल्या काळात या नावाची किंमत किती आहे, हे एका विचित्र प्रकरणाने दाखवून दिले. १९८०मध्ये पहिल्या संचातला गायक रॉड एव्हान्स याला पुढे करून, बाकी सगळे नवखे वादक घेऊन, एका मंडळीने डीप पर्पल म्हणून अमेरिकेत व मेक्सिकोत कार्यक्रम केले. प्रकरण कोर्टात गेले आणि ६,७२,००० डॉलर नुकसानभरपाईचा निकाल लागला. खरे वादक नसतानाही नुसत्या नावावर तिकिटे खपत होती. खऱ्या संचाला परत आणण्यासाठी पैशाचे आमिष होते, यात शंका नाही. मात्र केवळ पैशासाठी केलेले काम ऐकताना कळते, आणि इथे ते तसे ऐकू येत नाही.

एप्रिल १९८४मध्ये बीबीसी रेडिओच्या 'फ्रायडे रॉक शो'वर जुना संच पुन्हा जमल्याची घोषणा झाली. त्या उन्हाळ्यात पाचही जण अमेरिकेतल्या व्हरमाँट राज्यात, स्टो या डोंगराळ गावी राहायला गेले. शहरातला तयार स्टुडिओ न घेता त्यांनी एक मोठे घर घेतले आणि 'ल मोबील' हा फिरता स्टुडिओ मागवला. घरात वाद्ये आणि बाहेर ट्रक, ही माँत्रोची मांडणी त्यांनी या वेळी आपणहून निवडली. निर्मितीची सूत्रे ग्लोव्हरकडे होती. मधल्या वर्षांत अनेक बँडांचे अल्बम करून त्याचा हात तयार झालेला होता. गाणी बनत ती जुन्याच पद्धतीने: वाजवता वाजवता कोणाच्या तरी हाताखाली एखादा रिफ, म्हणजे फिरून फिरून येणारा छोटा सुरावटीचा तुकडा सापडे, बाकीचे त्याला धरत, आणि शब्द शेवटी येत.

अल्बमचा कणा म्हणजे लॉर्डचा हॅमंड ऑर्गन. या वाद्यात हवा नसते आणि नळ्याही नसतात. आत दातेरी धातुचक्रे एका मोटरवर सतत फिरत असतात. प्रत्येक चक्रासमोर चुंबक व तारेचे वेटोळे असते आणि दाते समोरून जाताना तिथे वीज थरथरते. त्या थरथरीचा सूर होतो. वर ओढण्या असतात. त्या कमीजास्त बाहेर काढून वादक मूळ सुरात त्याचे वरचे स्वर मिसळतो. हा ऑर्गन सहसा लेस्ली नावाच्या फिरत्या स्पीकरमधून वाजवतात. लॉर्डने तो गिटारसाठी बनवलेल्या मार्शल अँप्लिफायरला जोडला होता. त्यामुळे आवाजाला कडा आल्या, तो फाटू लागला, आणि ऑर्गन गिटारच्या खांद्याला खांदा लावून उभा राहिला. डीप पर्पलमध्ये दोन वाद्ये एकच रिफ मिळून वाजवतात तेव्हा कोणते कुठे संपते हे कळत नाही, ते यामुळे.

शीर्षकगीत याच आवाजाने उघडते. सुरुवातीला ऑर्गन एकटा, मग ड्रम, मग जड पावलांनी चालणारा रिफ. मधल्या वाद्यांच्या भागात ठेका चार मात्रांच्या सरळ चौकटीतून सुटतो आणि जास्तीच्या मात्रेने ऐकणाऱ्याचा तोल किंचित ढळतो. पेस तो भाग इतक्या सहज नेतो की मोजल्याशिवाय लक्षात येत नाही. ब्लॅकमोरसारखा गिटारवादक असून या गाण्यात गिटारचा सोलो नाही. एरवी वर्चस्वासाठी भांडणाऱ्या वादकांनी गाण्याला जे हवे तेवढेच दिले, हे या अल्बमचे सगळ्यात मोठे यश. सात मिनिटांचे 'नॉकिंग अॅट युअर बॅक डोअर'ही असेच सावकाश उलगडते: आधी खर्जातला घुमणारा सूर, मग बेसची धडधड, आणि बऱ्याच वेळाने रिफ. सत्तरच्या दशकातला त्यांचा वेग इथे फारसा नाही. चाळिशीच्या आसपास पोचलेल्या माणसांनी आपल्या वयाच्या लयीत वाजवले आहे. 'वेस्टेड सनसेट्स' या संथ ब्लूजमध्ये ब्लॅकमोरची गिटार खरोखर गाते. 'मीन स्ट्रीक' मात्र साधारणच, आणि उत्तरार्ध पूर्वार्धाच्या तोडीचा नाही. शेवटच्या 'हंग्री डेज'मध्ये माँत्रोच्या दिवसांची आठवण येते.

अल्बम ब्रिटनमध्ये पाचव्या, अमेरिकेत सतराव्या क्रमांकापर्यंत गेला. दौरा ऑस्ट्रेलियातून सुरू झाला. सिडनीला बीटल्सचा जॉर्ज हॅरिसन मंचावर येऊन एक गाणे वाजवून गेला. जून १९८५मध्ये इंग्लंडमधल्या नेबवर्थ इथे भर पावसात आणि चिखलात त्यांचा मायदेशी परतीचा मोठा कार्यक्रम झाला.

जुने भांडण मात्र मिटले नव्हते. १९८७चा 'द हाउस ऑफ ब्लू लाइट' ओढाताणीत झाला, १९८९मध्ये गिलनला काढले, १९९२मध्ये परत घेतले, आणि नोव्हेंबर १९९३मध्ये दौरा अर्धवट टाकून ब्लॅकमोर कायमचा निघून गेला. त्याच्या जागी पुढे स्टीव्ह मोर्स आला. त्याच्यासह बँड एप्रिल १९९५मध्ये मुंबईत वाजला. त्या कार्यक्रमाचे चित्रमुद्रण 'बॉम्बे कॉलिंग' या, त्या जुन्या वाद्यरचनेच्याच नावाने प्रसिद्ध झाले असून त्यात 'चाइल्ड इन टाइम'बरोबर 'परफेक्ट स्ट्रेंजर्स' आणि 'नॉकिंग अॅट युअर बॅक डोअर' ही दोन्ही गाणी आहेत. जॉन लॉर्ड २००२मध्ये निवृत्त झाला आणि १६ जुलै २०१२ रोजी वारला. ऑर्गनवर त्याच्या जागी २००२मध्येच डॉन एरी आला, आणि शीर्षकगीताची सुरुवात तेव्हापासून त्याच्या हातून होते.