पारोच्या गोष्टीआड राहिलेला रॉबर्ट गिल

दिवाळीच्या सुट्टीत उज्जैनहून आम्ही दोन गाड्या करून अजिंठ्याला निघालो होतो. इंदूर मागे पडलं, खंडवा गेलं, आणि डाव्या हाताला असीरगड दिसायला लागला तशी मामींनी पारोची गोष्ट सांगायला घेतली. गिल नावाच्या साहेबाने अजिंठ्याची लेणी शोधून काढली, तिथल्या पारो नावाच्या मुलीवर त्याचा जीव जडला, तिच्या प्रेमापायी त्याने सगळी लेणी कागदावर उतरवली, ती चित्रं लंडनमध्ये जळाली, साहेबाला वेड लागलं आणि शेवटी पारोच्या शेजारीच त्याला पुरलं. मागच्या सीटवरची पोरं कधी नव्हे ती गप्प बसून ऐकत होती. मला मध्ये बोलणं जिवावर आलं, पण बऱ्हाणपूरला चहाला थांबलो तेव्हा राहवलं नाही. "मामी, यातलं पारो आणि आग एवढंच खरं आहे हो," म्हटलं. मामी जरा हिरमुसल्या. मग म्हणाल्या, "बरं, मग खरं काय ते सांग."

मी शाळेत चित्रकला शिकवते. प्रतिकृती करणं म्हणजे काय, हे मला थोडंफार ठाऊक आहे. म्हणून गिलबद्दल मला जास्तच वाटतं.

आधी शोधाचं. गिलने अजिंठा शोधला नाही. शोधाचं श्रेय पुस्तकांतून जॉन स्मिथ या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याला मिळतं. १८१९ साली तो तिकडे शिकारीला गेला होता, आणि दहाव्या लेण्यातल्या एका खांबावर त्याने स्वतःचं नाव आणि २८ एप्रिल १८१९ ही तारीख कोरून ठेवली. शेकडो वर्षांच्या जुन्या चित्रावर. पण वाघोरा नदीच्या त्या वळणावर गुरं चारणाऱ्यांना लेणी आधीपासून माहीत होतीच. आमच्या उज्जयिनीहून माहिष्मतीमार्गे प्रतिष्ठानला जाणारा व्यापारी मार्ग याच मुलखातून उतरायचा. स्मिथमुळे लेणी फक्त इंग्रजी कागदपत्रांत आली.

रॉबर्ट गिलचा जन्म १८०४ चा. तो ईस्ट इंडिया कंपनीच्या मद्रास फौजेतला अधिकारी. हाताने उत्तम चित्रकार, पण नोकरी सैनिकाची. जेम्स फर्ग्युसन या अभ्यासकाने लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीपुढे लेण्यांची दुर्दशा मांडली. भिंतीवरचे पोपडे गळत होते, आणि पाहुणे तर हातानेच तुकडे काढून नेत होते. डॉ. जेम्स बर्ड यांनी मुंबईला नेण्यासाठी काही आकृत्या सोलून काढल्या, त्यांचा भुगा झाला. चित्रं वाचत नाहीत तर निदान त्यांच्या नकला तरी करून ठेवाव्यात, असं ठरलं आणि १८४४ साली गिलची नेमणूक झाली. म्हणजे गिल अजिंठ्याला हुकमाने आला. पारो त्याला भेटली ती तिथे आल्यावर.

"मग पारो खोटी?" आतेभावाच्या धाकट्या मुलीने विचारलं. नाही, पारो खरीच. अजिंठा गावात तिची कबर आहे. 'माझी लाडकी पारो' अशा अर्थाचे इंग्रजी शब्द तिच्यावर आहेत आणि मृत्यूची तारीख आहे २३ मे १८५६. तिच्याबद्दल भक्कम पुरावा म्हणावा असा तो एक दगड. ती रंग कुटून द्यायची, लेण्यात दिवा धरून उभी राहायची, ही सगळी वर्णनं नंतरची. ना. धों. महानोरांनी त्यावर 'अजिंठा' ही दीर्घ कविता लिहिली, २०१२ साली नितीन चंद्रकांत देसाईंनी सिनेमा काढला. कवीला आणि दिग्दर्शकाला तो हक्क आहेच. पण आपण ते इतिहास म्हणून सांगायला लागतो तेव्हा दोन गोष्टी झाकल्या जातात. एक, गिलचं लग्न झालेलं होतं, तो बायकामुलांचा होता. दुसरी, पारो गेल्यावर तो तेवीस वर्षं जगला, आणि त्यातली कितीतरी वर्षं त्याच कामात होता. नुसत्या प्रेमाच्या भरात कोणी इतकी वर्षं एका लेण्यात उभं राहत नाही. ती कामाची ओढ असते.

त्या कामाचा अंदाज यावा म्हणून एक करून बघा. पहिल्या लेण्यातल्या पद्मपाणीचा नुसता हात घ्या, कमळ धरलेला. चांगल्या छापील चित्रावर बटर पेपर ठेवा आणि बोटांची रेघ उतरवा. मी माझ्या मुलांकडून करून घेते. पहिल्या बोटाला रेघ जाड येते, दुसऱ्याला थरथरते, आणि तिसऱ्या बोटाच्या पेरापाशी कळतं की मूळ चित्रकाराने तिथे हात उचललेलाच नाही. एका हाताला दोन तास जातात, तेही पंख्याखाली, ट्यूबलाइटमध्ये. गिलसमोर होती अंधारी लेणी, वटवाघळं, काजळी धरलेली भिंत, आणि मूळ आकाराएवढी तैलचित्रं करायची होती. शिवाय ही भिंतीवरची चित्रं तेलात करायची म्हणजे एका भाषेतलं दुसऱ्या भाषेत नेण्यासारखं. अजिंठ्याच्या चित्रांना आपण सर्रास 'फ्रेस्को' म्हणतो, तेही बरोबर नाही. फ्रेस्को ओल्या चुन्यावर करतात. अजिंठ्यात माती, भुसा घातलेला गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ हात, आणि तो वाळल्यावर डिंकासारख्या चिकट द्रव्यात कालवलेले रंग. त्यामुळेच ती पोपडे धरतात.

आता आग. लोक म्हणतात, लंडनचा क्रिस्टल पॅलेस जळाला आणि गिलचं सगळं जळालं. क्रिस्टल पॅलेस १८५१ च्या प्रदर्शनासाठी हाइड पार्कात उभारला होता, तो नंतर सिडनहॅमला हलवला. गिलची चित्रं तिथे लावलेली होती. ३० डिसेंबर १८६६ ला त्या इमारतीचा उत्तरेकडचा भाग जळाला. पूर्ण इमारत जळाली ती पुढे १९३६ मध्ये. गिलची बहुतेक चित्रं त्या एका दिवसात गेली, हे खरं. पण सगळं गेलं नाही. मोजकी चित्रं उरली, ती आज लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहेत. त्याच्या काही प्रतिकृतींवरून केलेले लाकडी ठसे मिसेस स्पीअर यांच्या १८५६ च्या पुस्तकात आधीच छापून झाले होते. शिवाय गिलने मध्यंतरी कॅमेरा हातात घेतला होता. अजिंठा, वेरूळ आणि आसपासची देवळं यांची त्याची छायाचित्रं १८६४ साली फर्ग्युसनच्या मजकुरासह पुस्तकरूपाने आली. वेड लागल्याचं तर काही खरं नाही. आगीनंतरही तो अजिंठ्यातच राहिला आणि काम सोडलं नाही.

आग एकच नव्हती, हे तर फार थोड्यांना माहीत असतं. गिलची मेहनत गेल्यावर ते काम मुंबईच्या जे. जे. कला शाळेकडे आलं. तिथले जॉन ग्रिफिथ्स मूळचे वेल्सचे, १८६५ मध्ये मुंबईत शिकवायला आलेले. १८७२ ते १८८५ या काळात त्यांनी विद्यार्थ्यांना घेऊन अजिंठ्याच्या सुमारे तीनशे प्रतिकृती केल्या. त्या लंडनच्या साउथ केन्सिंग्टन संग्रहालयात गेल्या, आणि १८८५ साली तिथेही आग लागून शंभराहून अधिक चित्रं गेली. उरलेल्यांवरून १८९६-९७ मध्ये ग्रिफिथ्स यांचे दोन मोठे ग्रंथ निघाले, आणि जगाने अजिंठा पाहिला तो बराचसा त्यांतून.

त्या ग्रंथांवर नाव ग्रिफिथ्स यांचं आहे. रेघा मात्र बऱ्याचशा विद्यार्थ्यांच्या. पेस्तनजी बोमनजी त्यांतले सर्वांत नावाजलेले, पुढे मोठे व्यक्तिचित्रकार झाले. जगन्नाथ अनंत हे आणखी एक नाव. हे लोक महिनोन्‌महिने त्या घाटात राहून चित्रं उतरवत होते. ग्रिफिथ्स वाईट मनुष्य नव्हते, त्यांना या चित्रांची खरी कदर होती. तरी 'ग्रिफिथ्सने अजिंठा कॉपी केला' असं म्हणताना माझ्या जिभेला अडखळायला होतं.

या लोकांनी चित्रं उजळावीत म्हणून भिंतींवर वॉर्निश फासलं, तेही सांगायला हवं. पुढे १९२० च्या सुमारास निजाम सरकारने बोलावलेल्या इटालियन तज्ज्ञांनी लाखेचा थर दिला. काही वर्षांत ते सगळं पिवळं पडलं. चित्रं वाचवायला आलेल्यांच्या हातूनच ती काळवंडली. आज पुरातत्त्व खात्याचे लोक तो थर कापसाने तिळातिळाने काढतात.

परतताना आम्ही भुसावळात थांबलो. गिल १० एप्रिल १८७९ ला वारला आणि त्याची कबर इथे आहे, अजिंठ्यात पारोशेजारी नाही. मामी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "एवढा लांब पुरला रे बिचारा."

मला तेव्हा आमचं बाग आठवत होतं. धार जिल्ह्यातली बागची लेणी आमच्या माळव्यातलीच, अजिंठ्याच्या चित्रांची सख्खी बहीण. उज्जैनप्रमाणेच बागही इंग्रजी अमदानीत ग्वाल्हेर संस्थानात होतं. संस्थानच्या पुरातत्त्व खात्याचे प्रमुख होते मो. बा. गर्दे. १९२१ साली तिथल्या भित्तिचित्रांच्या प्रतिकृती झाल्या तेव्हा नंदलाल बोस, असितकुमार हालदार, सुरेंद्रनाथ कर यांच्या जोडीला भोसले, आपटे, भांड, जगताप हे चित्रकार होते. नंदलालबाबूंचं नाव सगळ्यांना ठाऊक असतं. उरलेली नावं माझ्या वर्गात मी फळ्यावर लिहिते. त्यांची चित्रं ग्वाल्हेरच्या गुजरी महाल संग्रहालयात आहेत. बागच्या चौथ्या लेण्यात, ज्याला रंगमहाल म्हणतात, भिंतीवरची उरलीसुरली चित्रं १९८२ साली सोलून त्याच संग्रहालयात नेली. तिथला रखवालदार आता कोऱ्या भिंतीवर हात फिरवत सांगतो, "इथे हत्ती होते, इथे नाचणाऱ्या बाया." ते हत्ती आता नीट बघायचे तर या चित्रकारांच्या प्रतिकृतींतच.